इग्नासिओ बेरोआ: दोन माणसांचे काम एका ड्रमसेटवर

तुमचा प्रश्न थोडक्यात असा आहे: लहानपणापासून तबला शिकलात, आता ड्रमसेटवर बसता, जॅझ वाजवण्याची इच्छा आहे आणि शिक्षकांनी इग्नासिओ बेरोआ ऐकायला सांगितले आहेत. क्युबातील हवानात जन्मलेला हा ड्रमवादक अमेरिकन जॅझ ट्रंपेटवादक डिझी गिलेस्पी यांच्या बँडमध्ये कसा पोहोचला, हे तुम्हाला जाणून घ्यायचे आहे. त्यांनी क्युबाचे ताल जॅझमध्ये मिसळले तसे आपणही तबल्याचे बोल आतापासूनच ड्रमसेटवर आणावेत का, असे तुम्ही विचारता. आणि त्यांच्या काही ध्वनिमुद्रणांत आपल्याला क्युबन असे काही ऐकूच येत नाही, अशी तक्रारही करता.

माझ्या मते ही तक्रार हाच तुमच्या प्रश्नाचा गाभा आहे. बेरोआ यांनी दोन संगीते मिसळली, असे तुम्ही धरून चालला आहात. मला त्यांच्या वादनात वेगळे काही दिसते. त्यांनी दोन्ही संगीते स्वतंत्रपणे, प्रत्येकाच्या स्वतःच्या नियमांनी पूर्ण आत्मसात केली, आणि एका दालनातून दुसऱ्यात नेमके कुठून जाता येते ते दार शोधून ठेवले. म्हणूनच ते स्विंग (जॅझचा झोकदार, अखंड वाहणारा ठेका) वाजवतात तेव्हा स्विंगच ऐकू येतो. तुमचे कान चुकत नाहीत.

काही गोष्टी परिस्थितीवर अवलंबून आहेत, हे आधीच सांगतो. तुम्हाला इतरांच्या बँडमध्ये, प्रचलित जॅझ रचना वाजवणारा विश्वासू साथीदार व्हायचे असेल तर माझे उत्तर एक आहे. स्वतःच्या रचना घेऊन स्वतःचा गट उभा करायचा असेल तर ते बरेच बदलेल. तबला तुम्ही किती खोलवर शिकला आहात, यानेही फरक पडेल. बेरोआ यांच्या बाबतीतही परिस्थितीचा वाटा मोठा होता, आणि तो बाजूला ठेवून त्यांच्या कारकिर्दीचा अर्थ लावला तर तो अर्धवट राहील.

त्यांचा जन्म 8 जुलै 1953 रोजी हवानात झाला. अकराव्या वर्षी त्यांनी राष्ट्रीय कला विद्यालयात प्रवेश घेतला आणि पुढे हवानाच्या राष्ट्रीय संगीत विद्यालयात त्यांचे शिक्षण झाले. म्हणजे स्वरलेखन वाचणारा, शिस्तीत घडलेला वादक अशी त्यांची पहिली ओळख आहे. 1970 मध्ये त्यांनी व्यावसायिक वादन सुरू केले, आणि 1975 च्या सुमारास क्युबातील सर्वाधिक मागणी असलेल्या ड्रमवादकांत त्यांची गणना होऊ लागली. क्युबन जॅझच्या पिढ्या घडवणारे पियानोवादक फेलिपे दुल्साइदेस यांच्याबरोबरही त्यांनी त्या काळात वाजवले.

त्या काळात हवानात जॅझ वाजवण्याची ओढ असणे सोपे नव्हते. 1959 च्या क्रांतीनंतर अमेरिकेशी संबंध तुटले, आणि जॅझ हे शत्रुदेशाचे संगीत म्हणून अनेक अधिकाऱ्यांच्या नजरेत संशयास्पद ठरले. नव्या तबकड्या मिळणे अवघड झाले, चांगल्या झांजा आणि ड्रमची कातडी मिळणे त्याहून अवघड. संगीतकारांनी वाटा काढल्या: 1967 मध्ये ‘ओर्केस्ता कुबाना दे मूसिका मोदेर्ना’ हा वाद्यवृंद स्थापन झाला, त्यातल्याच काही वादकांना घेऊन 1973 मध्ये पियानोवादक चुचो वाल्देस यांनी ‘इराकेरे’ उभा केला, आणि या गटांच्या रचनांत जॅझ कधी उघडपणे, कधी क्युबन नृत्यसंगीताच्या आडून वाजत राहिला. ज्या मुलाला शुद्ध, सरळ स्विंग वाजवायचा होता, त्याच्यासमोर मात्र तो रात्ररात्र वाजवता येईल असे मंच नव्हते. जे मिळेल ते ऐकायचे आणि कानाने उचलायचे, हाच रस्ता होता. म्हणून, ‘ते जॅझच्या वातावरणात वाढले, मी नाही’ ही तुमच्या पत्रातली खंत मला पूर्णपणे पटत नाही. क्युबन तालांचे वातावरण त्यांना जन्मतः मिळाले हे खरे; राइड सिंबलवरचा (ठेका धरणाऱ्या मोठ्या झांजेवरचा) स्विंग मात्र त्यांनीही दुरूनच मिळवला.

ड्रमसेटवर क्युबन ताल आणणारे ते पहिले वादक नव्हते, हेही लक्षात ठेवा. गियेर्मो बारेतो यांनी 1950 च्या दशकातच हवानात टिंबालेस (काठ्यांनी वाजवायची क्युबन ड्रमजोडी) आणि ड्रमसेट यांतले अंतर मिटवायला सुरुवात केली होती, आणि थोरले वाल्फ्रेदो दे लोस रेयेस यांनीही त्याच काळात ड्रमसेटला हातापायांनी वाजवायचे क्युबन तालवाद्य बनवले. ही परंपरा बेरोआ यांच्या पाठीशी होती. त्यांचे वेगळेपण पुढच्या टप्प्यात दिसते.

1980 मध्ये एप्रिल ते ऑक्टोबर या काळात हवानाजवळच्या मारिएल बंदरातून सुमारे 1,25,000 क्युबन लोक होड्यांतून फ्लोरिडाला गेले. बेरोआ त्यांच्यापैकी एक. तेथून ते न्यूयॉर्कला पोहोचले आणि क्युबा सोडून आलेले सॅक्सोफोनवादक पाकितो डी रिव्हेरा यांच्याबरोबर वाजवू लागले. ऑगस्ट 1981 मध्ये गिलेस्पी यांनी त्यांना आपल्या क्वार्टेटमध्ये, म्हणजे चौघांच्या बँडमध्ये, घेतले. देश सोडल्यानंतर अवघ्या वर्षभरात हे घडले, म्हणून अनेकजण याला नशीब म्हणतात. नशिबाचा भाग होताच, पण त्या जागेची गरज चौतीस वर्षांपूर्वी निर्माण झाली होती, आणि ती समजून घेतल्याशिवाय बेरोआ यांची निवड समजत नाही.

गिलेस्पी यांना क्युबन संगीताची गोडी लावली ती ट्रंपेटवादक मारियो बाउसा यांनी. 1939 मध्ये दोघे कॅब कॅलोवे यांच्या बँडमध्ये एकत्र होते. 1947 मध्ये बाउसा यांनीच त्यांची भेट हवानाहून आलेले काँगावादक (काँगा म्हणजे हातांनी वाजवायचा उंच ढोल) चानो पोसो यांच्याशी घालून दिली, आणि त्या वर्षी सप्टेंबरमध्ये कार्नेगी हॉलच्या मंचावर पोसो गिलेस्पींच्या बिगबँडबरोबर वाजवताना दिसले. डिसेंबरमध्ये ‘मांतेका’ ही रचना ध्वनिमुद्रित झाली. ती ऐकताना तिची बांधणी पाहा: पोसो यांनी रचलेला भाग एकाच स्वरसंगतीवर घुमत राहतो, आणि मध्ये गिलेस्पी यांनी लिहिलेला भाग येतो तेव्हा बँड स्विंगमध्ये शिरतो. त्या ध्वनिमुद्रणात ड्रमसेटवर केनी क्लार्क आहेत, काँगावर पोसो. बिबॉप या वेगवान, गुंतागुंतीच्या जॅझशैलीच्या ड्रमवादनाचा पाया घालणारा वादक एका बाजूला आणि हवानाच्या वस्त्यांतला ताल अंगात मुरलेला वादक दुसऱ्या बाजूला. दोघेही असामान्य, पण ज्ञान दोन माणसांत वाटलेले. पुढच्याच वर्षी, 2 डिसेंबर 1948 रोजी, हार्लेममध्ये पोसो यांची हत्या झाली, आणि ती भागीदारी संपली. त्यानंतर कित्येक वर्षे अमेरिकेतले बहुतेक जॅझ ड्रमवादक ‘लॅटिन’ म्हणून एक ठरावीक, बेतलेला ठेका वाजवत राहिले.

आता 1981 चा क्वार्टेट डोळ्यांसमोर आणा: ट्रंपेट, गिटार, बास आणि ड्रम. पियानो नाही, काँगा नाही. गिलेस्पी यांच्या कार्यक्रमात बिबॉपच्या वेगवान रचना असत आणि त्यांच्या क्युबन वळणाच्या रचनाही असत, आणि दोन्ही एकाच ड्रमवादकाने सांभाळायच्या होत्या. 1947 मध्ये ज्याला दोन माणसे लागली, ते काम एका माणसाने करायचे होते. दोन्ही जगे आतून जाणणारा हा एकमेव लॅटिन ड्रमवादक आहे, अशा अर्थाचे उद्गार गिलेस्पी यांनी बेरोआ यांच्याविषयी काढले होते. त्यात थोडे कौतुकाचे मोठेपण असेल, तरीही कामाचे स्वरूप पाहता ते मला अगदी नेमके वाटतात.

ही दोन जगे तालाच्या दृष्टीने कशी वेगळी आहेत, ते तबलावादकाला इतरांपेक्षा लवकर कळते, म्हणून थोडे विस्ताराने सांगतो. आठ मात्रांचे एक आवर्तन धरा. क्युबन ‘सोन’ संगीताच्या क्लावेचे (दोन लाकडी काठ्यांवर वाजणाऱ्या आधाराच्या ठेक्याचे) पाच आघात पहिल्या मात्रेवर, दुसऱ्या मात्रेच्या उत्तरार्धात, चौथ्या, सहाव्या आणि सातव्या मात्रेवर पडतात. पहिल्या अर्धात तीन, दुसऱ्यात दोन. रुंबा या दुसऱ्या क्युबन शैलीच्या क्लावेत तिसरा आघात चौथ्या मात्रेवरून अर्धी मात्रा पुढे सरकतो, आणि एवढ्याने सारा झोक बदलतो. हे आवर्तन दुसऱ्या अर्धापासूनही सुरू होऊ शकते. मुद्दा असा की गाण्याची चाल, पियानोचे आवर्तन, ब्रासचे तुकडे आणि ड्रमचे भरण हे सारे कोणत्या क्षणी तीनच्या बाजूला आहे आणि कोणत्या क्षणी दोनच्या, याचे भान वादकाला सतत ठेवावे लागते. क्लावे कोणी प्रत्यक्ष वाजवत नसला तरीही. ते भान सुटले की क्युबन श्रोत्याला लगेच खटकते, जसे चुकीच्या जागी आलेली सम आपल्याला खटकते.

यापुढे एक गोष्ट आहे जी आपल्या सवयीच्या थेट विरुद्ध जाते. क्युबन बासचा ठरलेला ठेका, ‘तुंबाओ’, चार मात्रांच्या घरात (बारमध्ये) दुसऱ्या मात्रेच्या उत्तरार्धात आणि चौथ्या मात्रेवर वाजतो; चौथ्या मात्रेचा स्वर पुढच्या घरात तसाच धरला जातो आणि पहिली मात्रा रिकामी जाते. काँगाचे खुले बोलही चौथ्या मात्रेवर आणि तिच्या उत्तरार्धात पडतात. आपण आयुष्यभर समेवर येण्याची तयारी करतो, तिहाईचा (तीनदा वाजवून समेवर संपणाऱ्या तुकड्याचा) शेवटचा धा तिथे टेकवतो. इथे वजन समेच्या आधी येते आणि सम सगळ्यांना माहीत असूनही कोणी उच्चारत नाही. माझ्याकडे शिकायला येणाऱ्या तबलावादकांचा उजवा पाय बास ड्रमवर हटकून पहिल्या मात्रेला पडतो. तो पाय आवरायला हातांच्या सगळ्या पॅटर्नपेक्षा जास्त वेळ लागतो.

जॅझच्या स्विंगमध्ये याउलट बास प्रत्येक मात्रेवर चालतो, हाय-हॅट (पायाने मिटणारी झांजांची जोडी) दुसऱ्या आणि चौथ्या मात्रेवर मिटते, आणि राइड सिंबल अखंड प्रवाह देते. तिथे तुम्हाला बाजू सांभाळायची नसते, प्रवाह सांभाळायचा असतो, आणि स्नेअर व बास ड्रम एकलवादकाशी संवाद करायला मोकळे राहतात. क्युबन वादनात डाव्या-उजव्या हातांचे आणि पायांचे काम बऱ्याच अंशी ठरलेले असते, कारण ते टिंबालेस, काउबेल आणि काँगा या वेगवेगळ्या वादकांचे काम उचलत असतात. एकात रचना वादकाला धरून ठेवते, दुसऱ्यात वादकाने रचना धरायची असते. एकाच शरीराने या दोन्ही वृत्ती बाळगणे हे तंत्रापेक्षा फार अवघड काम आहे.

आता ते दार. क्युबातील आफ्रिकी परंपरेच्या तालांत बारा स्पंदनांचे एक आवर्तन असते, आणि त्यावर घंटेचे सात आघात पडतात: पहिल्या, तिसऱ्या, पाचव्या, सहाव्या, आठव्या, दहाव्या आणि बाराव्या स्पंदनावर. स्विंगच्या चार मात्रांचे प्रत्येकी तीन भाग केले तर तीही बारा स्पंदने होतात, आणि राइड सिंबलचे आघात पहिल्या, चौथ्या, सहाव्या, सातव्या, दहाव्या आणि बाराव्या स्पंदनावर येतात. दोन्ही शेजारी लिहून पाहा: पहिले, सहावे, दहावे आणि बारावे स्पंदन दोघांत समान आहे. राइडवरचा हात थोडासा सरकवून स्विंगमधून आफ्रो-क्युबन बारा स्पंदनांत आणि परत स्विंगमध्ये जाता येते, लय तसूभरही न हलवता. हा हिशेब मध्यम लयीतच बरोबर बसतो. जलद लयीत स्विंगचे आघात समान अंतराकडे झुकतात आणि हे दार अरुंद होते. बेरोआ जिथे एका जगातून दुसऱ्यात जातात, तिथे तुम्हाला सांधा जाणवत नाही, त्यामागे मला हे नाते दिसते. गिलेस्पी यांची ‘अ नाइट इन ट्युनिशिया’ ही रचना याच्या अभ्यासासाठी उत्तम आहे, कारण तिचा मुख्य भाग सरळ आघातांच्या ठेक्यावर चालतो आणि मधला भाग स्विंगमध्ये उलगडतो. प्रत्येक आवर्तनात तुम्हाला तो उंबरठा ओलांडावा लागतो.

गिलेस्पी यांच्या शेवटच्या दशकातल्या सगळ्या महत्त्वाच्या वाद्यवृंदांत बेरोआ होते. 1988 मध्ये उभ्या राहिलेल्या ‘युनायटेड नेशन ऑर्केस्ट्रा’मध्ये क्युबा, पनामा, ब्राझील, प्वेर्तो रिको आणि अमेरिका इथले वादक एकत्र आले. 1989 मध्ये लंडनच्या रॉयल फेस्टिव्हल हॉलमध्ये त्यांचे जे ध्वनिमुद्रण झाले, त्याला पुढे ग्रॅमी मिळाला. त्यात काँगावर जिओव्हानी हिदाल्गो आणि इतर तालवाद्यांवर ब्राझीलचे आयर्तो मोरेरा आहेत. मी विद्यार्थ्यांना हे ध्वनिमुद्रण ऐकवतो ते एकाच कारणासाठी: शेजारी असे दोन तालवादक असताना बेरोआ काय वाजवायचे सोडून देतात, ते पाहा. क्वार्टेटमध्ये सगळे एकट्याने भरणारा माणूस इथे स्वतःचा वाटा निम्म्याने कमी करतो. 6 जानेवारी 1993 रोजी गिलेस्पी यांचे निधन झाले, तेव्हा बेरोआ चाळिशीच्याही आत होते.

पुढच्या काळातील दोन गोष्टी तुमच्या प्रश्नाला थेट भिडतात. पहिली म्हणजे 2001 मध्ये आलेला बासवादक चार्ली हेडन यांचा ‘नॉक्टर्न’ हा अल्बम. त्यात क्युबन आणि मेक्सिकन बोलेरो (संथ प्रेमगीते) आहेत, पियानोवर गोन्सालो रुबालकाबा आहेत, आणि लय इतकी संथ आहे की कोणताही ठेका उघडा पडेल. बेरोआ यांचे वादन तिथे क्वचितच पुढे येते, आणि तरीही त्या संथपणात कुठेही पोकळी राहत नाही. ड्रमवादनात वेग आणि हातचलाखीचे फार कौतुक होते. मला स्वतःला हा अल्बम त्यांच्या सर्वोत्तम कामांपैकी वाटतो. दुसरी म्हणजे स्वतःच्या नावाने काढलेले अल्बम. ‘कोड्स’ 2006 मध्ये ब्लू नोट कंपनीने प्रकाशित केला आणि त्याला ग्रॅमीचे नामांकन मिळाले. त्यात वेन शॉर्टर, चिक कोरिया आणि जो हेंडरसन यांच्या जॅझ रचना आहेत आणि एर्नेस्तो लेकुओना यांची ‘ला कोंपार्सा’ ही जुनी क्युबन रचनाही आहे. 2017 च्या ‘स्ट्रेट अहेड फ्रॉम हवाना’मध्ये तर त्यांनी जुनी क्युबन गाणी घेतली आणि ती सरळ स्विंगमध्ये वाजवली. क्युबन तालांसाठी ओळखल्या जाणाऱ्या वादकाने साठी ओलांडल्यावर क्युबन गाण्यांमधून क्युबन ठेकाच काढून घ्यावा, यात त्यांची सारी भूमिका दिसते. चाल हवानाची, ताल जॅझचा, आणि कोणत्याही क्षणी दोन्ही कुठे आहेत याची पूर्ण जाणीव. तुम्हाला ‘क्युबन असे काही ऐकू येत नाही’ ते बहुधा अशाच ठिकाणी, आणि तिथे ते मुद्दामच काढून ठेवलेले आहे.

आता तुमच्या मूळ प्रश्नाकडे. बँडमध्ये साथीदार व्हायचे असेल तर सध्या तबल्याचे बोल ड्रमसेटवर आणू नका. तबला सोडा असे मी म्हणत नाही. तो त्याच्या जागी, त्याच्या गुरूंकडे, त्याच्या रियाजात चालू राहू द्या. ड्रमसेटवर बसल्यावर राइड सिंबल आणि हाय-हॅट एवढेच घेऊन, बासवादकाबरोबर संथ, मध्यम आणि जलद अशा तीन लयींत बराच काळ केवळ प्रवाह धरायला शिका. भरण नको, तिहाई तर अजिबात नको. तबलावादकाला तिहाईचा मोह फार लवकर होतो, आणि जॅझच्या बत्तीस घरांच्या रचनेत दर आठ घरांनी तिहाई टाकणारा ड्रमवादक एकलवादकाचे वाक्य मध्येच तोडतो. स्वतःचा गट करणार असाल तर हा निर्बंध सैल होईल, कारण तिथे रचनाच तुमच्या तालाभोवती बांधता येईल. पण तेव्हाही तुमच्या बासवादकाला तुमचे आवर्तन कळले पाहिजे, आणि त्याला ते समजावण्यासाठी तुम्हाला आधी त्याचे घर कळले पाहिजे.

तबल्याने तुम्हाला दिलेल्या ज्या गोष्टी आजच उपयोगी पडतील त्या बोलांपेक्षा खोलवरच्या आहेत: मोठे आवर्तन न मोजता धरून ठेवण्याची क्षमता, लय न हलवता तिचे दोन, तीन, चार भाग करण्याची सवय, आणि गायकाला ऐकत साथ करण्याची वृत्ती. क्लावे हाताने टाळी देत आणि तोंडाने स्विंगची राइड म्हणत चालून पाहा, मग अदलाबदल करा. हे जमेपर्यंत काठ्या हातात घेऊ नका. त्यानंतर ‘नॉक्टर्न’मधला एखादा बोलेरो लावा आणि ब्रश (काठ्यांऐवजी वापरायचे तारांचे कुंचले) घेऊन बेरोआ यांच्याबरोबर वाजवा, त्यांच्यापेक्षा एकही आघात जास्त न वाजवता गाणे शेवटपर्यंत नेता आले की मला कळवा, मग बारा स्पंदनांच्या घंटेकडे कसे वळायचे ते सविस्तर लिहीन.